सेफोरिस : फरशीवरून घरमालकाचा धर्म ओळखता येतो का?

आडवाटेचा पांथस्थ (मूळ लेखन)

कामानिमित्त दोन वर्षे इस्राएलमधील हैफा येथे राहत असताना गालीलमधील सेफोरिस हे प्राचीन शहर मी चार वेळा पाहिले. प्रत्येक वेळी मी आधी त्याच जागी गेलो, ती म्हणजे टेकडीच्या पायथ्याला उघडा पडलेला, दोन्ही अंगांना खांबांच्या ओळी असलेला मुख्य रस्ता. चुनखडीच्या मोठाल्या लाद्या तिरप्या मांडून केलेली ही फरसबंदी आहे आणि शेकडो वर्षे धावलेल्या गाड्यांच्या चाकांनी तिच्यावर खोल खाचा पाडल्या आहेत. ठरावीक मार्ग या अर्थाने ‘चाकोरी’ हा शब्द आपण रोज वापरतो, पण त्याचा मूळ अर्थ मला त्या लाद्यांवर बसून, खाचेत बोटाचे पेर बुडवून पाहताना पहिल्यांदा नीट कळला. या रस्त्यावरून कोण कोण गेले असेल, हा विचार तेव्हापासून मनातून जात नाही, आणि त्यातूनच हा धागा काढत आहे.

नासरेथच्या वायव्येला साधारण सहा किलोमीटरांवर, समुद्रसपाटीपासून सुमारे 285 मीटर उंचीच्या टेकडीवर आणि तिच्या पूर्वेकडील सपाटीवर हे शहर वसलेले होते. हिब्रूत त्याला त्सिप्पोरी म्हणतात. त्सिप्पोर म्हणजे पक्षी, आणि शहर टेकडीच्या माथ्यावर पक्ष्यासारखे बसले आहे म्हणून हे नाव पडले, अशी व्युत्पत्ती तालमूद या ज्यू धर्मग्रंथात दिलेली आहे. उत्तरेला बेत नेतोफाचे सुपीक खोरे आहे. पहिल्या शतकातील ज्यू इतिहासकार जोसेफस याने या शहराला ‘साऱ्या गालीलाचे भूषण’ म्हटले, ते गालीलचा सत्ताधीश हेरोद अंतिपा याने शहराची पुन्हा उभारणी केल्याच्या संदर्भात. त्याआधी इ. स. पू. 4 मध्ये, त्याचा बाप राजा थोरला हेरोद याच्या मृत्यूनंतर येथे बंड झाले, बंडखोरांनी राजाचे शस्त्रागार लुटले आणि रोमन सेनानी वारुसच्या फौजेने शहर जाळून रहिवाशांना गुलाम केले, असेही जोसेफसच सांगतो.

पुढची घटना मला सर्वांत महत्त्वाची वाटते. इ. स. 66 मध्ये रोमविरुद्ध ज्यूंचा मोठा उठाव झाला, तेव्हा हे शहर उठावात सामील झाले नाही आणि त्याने रोमन सैन्याला दरवाजे उघडले. यरुशलेमचे मंदिर इ. स. 70 मध्ये पडले, सेफोरिस मात्र उभे राहिले. दुसऱ्या शतकात त्याला दिओकैसारिया हे नवे नाव मिळाले, ज्यात झ्यूस आणि सीझर हे दोघेही आहेत. आणि याच दिओकैसारियात, यहूदा हनासी हा ज्यूंचा धर्मप्रमुख आयुष्याची अखेरची सतरा वर्षे राहिला. त्याची प्रकृती बरी नव्हती आणि या उंचावरच्या गावाची हवा चांगली होती, असे तालमूद सांगतो. इ. स. 200 च्या सुमारास त्याच्या देखरेखीखाली मिश्ना, म्हणजे पिढ्यान्पिढ्या तोंडी चालत आलेल्या ज्यू धर्मनियमांची संहिता, सिद्ध झाली. झ्यूसच्या नावाच्या शहरात ज्यू धर्मशास्त्राचा पाया घातला गेला, ही गोष्ट मी जितक्या वेळा मनाशी उच्चारतो तितक्या वेळा मला थांबावेसे वाटते.

येथील पहिले शास्त्रीय उत्खनन 1931 साली मिशिगन विद्यापीठाच्या लिरॉय वॉटरमन यांनी केले. त्यानंतर अर्धे शतक काम थांबले. 1983 मध्ये जेम्स स्ट्रेंज यांचे पथक आले, 1985 मध्ये ड्यूक विद्यापीठाचे एरिक आणि कॅरोल मायर्स हे दांपत्य व हिब्रू विद्यापीठाचे एहुद नेत्झर यांचा संयुक्त प्रकल्प सुरू झाला, आणि पुढे हिब्रू विद्यापीठाच्या झेएव वाइस यांनी अनेक दशके येथे खोदकाम केले.

1987 च्या उन्हाळ्यात, माथ्यावर नाट्यगृहाच्या अगदी जवळ, तिसऱ्या शतकाच्या आरंभीचे एक ऐसपैस घर सापडले. त्याच्या भोजनदालनाची जमीन रंगीत खड्यांच्या मोझेकची आहे आणि तिच्यावर डायोनायसस या मद्यदेवतेच्या आयुष्यातील प्रसंग, त्याची पूजा, आणि त्याने हेराक्लीजशी लावलेली मद्यपानाची पैज असे देखावे ग्रीक नावांसह दाखवले आहेत. दालनाच्या तीन बाजूंना पाहुण्यांच्या बैठकांसाठी जागा साधी ठेवलेली आहे, म्हणजे लोळत जेवणाऱ्याच्या नजरेसमोर चित्र येईल अशी योजना आहे. भोवतालच्या पानाफुलांच्या पट्टीत एका स्त्रीचा चेहरा आहे, मान किंचित कललेली, कानात डूल. खडे इतके बारीक आहेत की गालावरची सावली रंगवल्यासारखी उतरली आहे. ‘गालीलची मोनालिसा’ या नावाने तो चेहरा जगभर प्रसिद्ध झाला. चौथ्या शतकातील, इ. स. 363 च्या भूकंपात हे घर कोसळले आणि त्या ढिगाऱ्यानेच चित्र राखले.

माझा प्रश्न या घराविषयी आहे. सेफोरिसला आपण बहुसांस्कृतिक शहर म्हणतो, आणि त्यामुळे इकडे ज्यूंची वस्ती, तिकडे रोमन लोकांची वस्ती आणि मधून रस्ता, असे चित्र डोळ्यांपुढे येते. उत्खनन मात्र तसे सांगत नाही. रोमन काळात शहरातील बहुसंख्य लोक, नगरसभेतले मानकरीसुद्धा, ज्यूच होते. मग डायोनायससची फरशी घालणारा मालक कोण? तो ज्यू असू शकतो, असे वाइस यांचे मत आहे, आणि ते घर प्रत्यक्ष यहूदा हनासीचे असण्याची शक्यताही चर्चेत आलेली आहे. मला स्वतःला पहिली गोष्ट पटते, दुसरीसाठी मात्र पुरेसा आधार दिसत नाही. जाणकारांनी लिहावे.

खापरखुणा

लेख आवडला. मी पुरातत्त्वाची विद्यार्थिनी असून दख्खनमधील पांढरीच्या टेकाडांवर काम केलेले आहे, त्यामुळे मोझेकपेक्षा घराच्या मोरीत आणि उकिरड्यात काय सापडले याकडे माझे लक्ष आधी जाते.

सेफोरिसच्या पश्चिम माथ्यावरील निवासी भागात पुरावा मुख्यतः तीन प्रकारचा आहे. पहिला, मऊ खडूच्या दगडातून कोरलेली किंवा चरकावर कातलेली भांडी. मातीचे भांडे एकदा विटाळले की ते फोडावे लागे, दगडाच्या भांड्याला मात्र विटाळ लागत नाही, असा ज्यू धर्मनियम होता, म्हणून पहिल्या शतकात अशा पेल्यांना आणि वाडग्यांना मोठी मागणी होती. दुसरा, खडकात खोदून गिलावा केलेली, पायऱ्या असलेली कुंडे. तिसरा, जनावरांची हाडे. रोमन काळाच्या थरांत डुकराची हाडे फारच थोडी आहेत आणि बायझंटाइन काळाच्या थरांत, म्हणजे ख्रिस्ती वस्ती वाढल्यावर, त्यांचे प्रमाण वाढलेले दिसते. उकिरड्यातले हाड कोणाला दाखवण्यासाठी टाकलेले नसते, म्हणून मला तो साक्षीदार सर्वांत विश्वासाचा वाटतो.

कुंडांबाबत मात्र वाद झाला, आणि तो नोंदवला पाहिजे. ही सर्व विधिस्नानाची कुंडे, म्हणजे मिक्वे, आहेत हे पुरातत्त्वज्ञ हनान एशेल यांना मान्य नव्हते. मायर्स यांनी त्याला उत्तर दिले आणि ती मिक्वेच आहेत असे ठामपणे मांडले. धर्मनियमानुसार मिक्वेमध्ये न शेंदलेले, आपोआप साचलेले किमान चाळीस सिआ पाणी हवे. सिआ हे तेव्हाचे माप आहे. आता हजारो वर्षांनी छप्पर, पन्हळी आणि काठ नाहीसे झाल्यावर कुंडात पाणी कसे येत होते आणि किती मावत होते हे सांगणे सोपे नाही. माझ्या मते पायऱ्या आणि गिलावा असलेली इतकी कुंडे घराघरांच्या तळघरांत, दगडी भांड्यांच्या आणि डुक्कर नसलेल्या उकिरड्यांच्या सोबतीने सापडतात, तेव्हा मायर्स यांची बाजू भक्कम ठरते. एकेका कुंडावर भांडत बसल्यास निकाल लागणार नाही.

याच भागात एका टाक्यात पॅन आणि प्रॉमीथियस या ग्रीक दैवतांच्या ब्राँझच्या छोट्या मूर्ती सापडल्या. त्यावरून तेथे मूर्तिपूजक राहत होते असे लगेच म्हणू नये. आपल्याकडे कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकाडावर 1944 मध्ये रोमन बनावटीच्या ब्राँझच्या वस्तूंचा साठा मिळाला आणि त्यात पोसायडन या समुद्रदेवाची सुंदर मूर्ती होती. पण त्या काळी पंचगंगेच्या काठी पोसायडनचे भक्त होते असे कोणी अभ्यासक म्हणत नाही. मूर्ती व्यापारातून येते, भेट म्हणून येते, वितळवण्यासाठी जमवलेल्या धातूतही येते.

आणखी एक बाब. वारुसने शहर जाळल्याचा उल्लेख आपण केला आहे, परंतु निवासी भागात खोदकाम करणाऱ्यांना त्या काळाशी जुळणारा जळिताचा थर मिळालेला नाही. जोसेफसने अतिशयोक्ती केली असावी, किंवा आग शस्त्रागारापुरती राहिली असावी. ग्रंथ आणि माती यांत फरक पडला की मी मातीकडे झुकते, पण शहराचा मोठा भाग अजून खोदायचा आहे हेही लक्षात ठेवले पाहिजे.

टंकसाळ

या शहराची नाणी या प्रश्नावर स्वतंत्रपणे बोलतात, म्हणून थोडे लिहितो.

उठावाच्या ऐन धामधुमीत, इ. स. 67-68 मध्ये, सेफोरिसने वेस्पासियन रोमन सेनापती असताना नाणी पाडली. त्यांवर शहराचे नाव ‘एइरेनोपोलिस’, म्हणजे शांतीचे नगर, असे आहे. यरुशलेममधले बंडखोर त्याच वर्षांत सियोनच्या, म्हणजे यरुशलेमच्या, स्वातंत्र्याची घोषणा असलेली नाणी पाडत होते, म्हणजे एकाच समाजाच्या दोन नगरांनी एकाच युद्धात परस्परविरुद्ध घोषणा धातूवर उमटवल्या. पण सेफोरिसच्या त्या नाण्यांवर सम्राटाचा चेहरा नाही. एका प्रकारावर समृद्धीची दोन शिंगे आणि मध्ये ग्रीक देवांचा दूत हर्मीस याचा दंड आहे, आणि बाकी जागा अक्षरांनी भरली आहे. रोमशी जुळवून घेताना ज्यू रहिवाशांचा मनुष्याकृतीविषयीचा संकोच सांभाळलेला आहे, असे माझे वाचन आहे.

ट्राजनच्या काळात, म्हणजे दुसऱ्या शतकाच्या आरंभी, दर्शनी बाजूवर सम्राटाचा चेहरा येतो, मात्र मागे खजुराचे झाड, कणसे, पर्णमाला अशी निरुपद्रवी चिन्हेच राहतात. पुढे सम्राट अंतोनिनस पायसच्या काळात शहराचे नाव दिओकैसारिया होते आणि नाण्यांवर मंदिरे व त्यांतील देवता दिसू लागतात. म्हणजे तीन टप्प्यांत, साधारण नव्वद वर्षांत, हा बदल झाला. ही नाणी ज्यू बहुसंख्येच्या नगरसभेने पाडली की तोवर सभेत इतरांचे वजन वाढले होते, यावर मतभेद आहेत.

उंबरठा

मला मूळ लेखकाचे म्हणणे पटत नाही, आणि कारण साधे आहे. नाणे सरकारी असते. सम्राटाच्या राज्यात नगराला ते पाडावे लागते. भोजनदालनाची फरशी मात्र कोणी सक्तीने घालायला लावत नाही. ‘कोरीव मूर्ती करू नकोस’ ही ज्यू धर्मातील दहा आज्ञांपैकी दुसरी आज्ञा मानणारा माणूस स्वतःच्या पैशाने, स्वतःच्या घरात, पाहुण्यांना रोज दिसेल अशा जागी डायोनायससची पूजा चितारून घेईल, हे मला संभवत नाही. मिश्नामध्ये मूर्तिपूजेवर एक संपूर्ण भाग आहे हे मला ठाऊक आहे, आणि तो याच गावात संपादित झाला असेल तर मालकाला तो माहीत नसणे शक्य नाही. ते घर एखाद्या रोमन अधिकाऱ्याचे किंवा श्रीमंत मूर्तिपूजक नागरिकाचे होते, असे मानल्यास काय बिघडते?

आडवाटेचा पांथस्थ

उंबरठा यांचा आक्षेप रास्त आहे आणि अनेक अभ्यासक आजही त्याच बाजूला आहेत. घर मूर्तिपूजकाचे असू शकते, हे मी नाकारत नाही. मला इतकेच म्हणायचे आहे की फरशीवर डायोनायसस आहे एवढ्या एका कारणावरून मालक ज्यू नव्हता असे ठरवता येत नाही.

ज्या भागाचा उल्लेख आपण केला त्यातच एक प्रसंग आहे. ज्यू धर्मगुरू रब्बान गमलिएल अक्को येथे अफ्रोदिते या ग्रीक देवीच्या स्नानगृहात स्नान करत असताना एका ग्रीक गृहस्थाने त्यांना विचारले की, तुमच्या शास्त्राप्रमाणे हे कसे चालते? स्नानगृहातून बाहेर पडल्यावर गमलिएल म्हणाले, “मी तिच्या हद्दीत गेलो नाही, ती माझ्या हद्दीत आली.” स्नानगृह अफ्रोदितेचे अलंकार म्हणून बांधत नाहीत, अफ्रोदितेलाच स्नानगृहाचा अलंकार म्हणून ठेवतात, हा त्यांचा युक्तिवाद आहे. ज्याला देव म्हणून वागवले जाते ते निषिद्ध, ज्याला तसे वागवले जात नाही ते चालते. म्हणजे पूजेची मूर्ती आणि शोभेची आकृती यांत भेद करणारी बुद्धी मिश्नाच्याच पानावर आहे. फरशीवर तर माणसे पाय देऊन चालतात.

भाषेचेही पाहावे. स्वतः यहूदा हनासीने ‘इस्राएलच्या भूमीत सिरियाक भाषा कशाला, एक तर पवित्र भाषा बोला नाही तर ग्रीक’ अशा अर्थाचे उद्गार काढले, असे तालमूदात आहे. ग्रीक ही त्याला शत्रूची भाषा वाटत नव्हती. उत्खननात एक शिशाचे वजन सापडले आहे. बाजारावर देखरेख करणाऱ्या अधिकाऱ्यांची नावे त्यावर ग्रीक लिपीत आहेत, आणि ती नावे आहेत सीमोन व युस्टुस. पद ग्रीक, लिपी ग्रीक, माणूस सीमोन. त्याहून जुने एक खापर आहे, इ. स. पू. दुसऱ्या शतकाच्या सुमाराचे, ज्यावर सात हिब्रू अक्षरे आहेत, पण शब्द ‘एपिमेलेतेस’ म्हणजे व्यवस्थापक हा ग्रीक असावा असे वाचन केले गेले आहे. ते खापर मला मोझेकहून मोलाचे वाटते. रोमन लोक येण्याच्याही आधी या टेकडीवर कोणीतरी कारभारी आपल्या पदाचा ग्रीक शब्द सवयीने हिब्रू अक्षरांत लिहीत होता, जसे आपण ‘कलेक्टर’ देवनागरीत लिहितो आणि त्यात काही वेगळे घडले असे आपल्याला वाटत नाही.

तेलघाणा

मी इस्राएलमधील लोद येथे राहतो. आमचे कुटुंब बेने इस्राएल, म्हणजे कोकणातील ज्यू, आजोबांच्या आधीपर्यंत सारे अलिबाग तालुक्यातले. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून आमच्या समाजाला कोकणात शनवार तेली म्हणत. या धाग्यावर लिहावेसे वाटले त्याला दोन कारणे आहेत.

पहिले कारण मंगळसूत्राचे. माझ्या पणजीच्या छायाचित्रात नऊवारी लुगडे आहे, गळ्यात काळ्या मण्यांची पोत आहे आणि हातात हिरव्या बांगड्या आहेत. ती शब्बाथ, म्हणजे शनिवारचा विसावा, पाळत होती, घरी मुलांची सुंता होत होती, डुक्कर आणि खवले नसलेली मासळी घरात येत नव्हती, आणि संकटात एलियाहू हनाबी या संदेष्ट्याच्या नावाने मलिद्याचा नवस बोलला जात होता. आमच्या समाजात अब्राहाम, योसेफ यांच्या कथांची मराठी कीर्तने होत. उद्या हजार वर्षांनी कोणी अलिबागला खणले आणि त्या पोतीचे मणी मिळाले, तर येथे हिंदू स्त्री राहत होती असा निष्कर्ष निघेल, आणि तो चुकीचा असेल. उंबरठा यांना मी एवढेच विचारीन की, मण्यांवरून पणजीचा धर्म ठरत नसेल तर खड्यांवरून त्या मालकाचा कसा ठरेल? खापरखुणा यांनी सांगितलेला उकिरडा मात्र माझ्या पणजीविषयी खरे बोलला असता.

दुसरे कारण सभास्थानाचे, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाचे. आमच्याकडे जुनी माणसे त्याला मशीदच म्हणत, तो शब्द अजून माझ्या आईच्या तोंडी आहे. सेफोरिसच्या पायथ्याला 1993 मध्ये पाचव्या शतकाच्या आरंभीचे एक सभास्थान सापडले, सुमारे वीस मीटर लांब आणि आठ मीटर रुंद. त्याची जमीन सात आडव्या पट्ट्यांत, चौदा चौकटींत चितारलेली आहे. मध्यभागी राशिचक्र आहे, महिन्यांची नावे हिब्रूत आहेत, आणि चक्राच्या मध्ये चार घोड्यांचा सूर्यरथ आहे. तिबिरियाजवळच्या हम्मतच्या सभास्थानात याच जागी रथात मनुष्यरूपी सूर्यदेव उभा आहे. सेफोरिसच्या कारागिराने रथ ठेवला, घोडे ठेवले, आणि रथात नुसते किरणांचे सूर्यबिंब बसवले.

पण मी ज्यासाठी तेथे पुन्हा पुन्हा जातो ते चित्र इसहाकाच्या, म्हणजे अब्राहामाच्या मुलाच्या, बलिदानाचे आहे. त्याचा बहुतेक भाग नष्ट झाला आहे, अब्राहाम नाही, मुलगा नाही, सुरीही नाही. राहिले आहे ते झाडाला बांधलेल्या मेंढ्याचे डोके आणि त्याच्या खाली काढून ठेवलेले जोड्यांचे दोन जोड, एक मोठा आणि एक लहान. पवित्र शास्त्रात या प्रसंगी जोडे काढल्याचा उल्लेख नाही. मोशेला जळत्या झुडपाजवळ जोडे काढायला सांगितले होते, त्यावरून चित्रकाराने किंवा त्याला सांगणाऱ्याने जाणले की पवित्र डोंगरावर बापलेक अनवाणीच चढले असणार. आईला घेऊन गेलो होतो तेव्हा तिने ते पाहिले आणि म्हणाली, “देवळात जाताना काढतात तसेच.” कोकणात वाढलेल्या बाईला ते चित्र समजावून सांगावे लागले नाही.

एक गोष्ट मात्र मनाला लागते. मिश्ना आणि तालमूद यांची परंपरा आमच्या कोकणातील पूर्वजांपर्यंत फार उशिरा, बाहेरच्या ज्यूंशी संबंध आल्यावर पोहोचली. या टेकडीवर जे ग्रंथित झाले त्याच्याशिवाय त्यांनी शेमा ही प्रार्थना आणि शब्बाथ एवढ्यावर आपले ज्यूपण शतकानुशतके टिकवले. त्या रस्त्यावर उभा राहतो तेव्हा मला दोन्हींचा अभिमान वाटतो.

उंबरठा

तेलघाणा यांच्या पणजींच्या उदाहरणाने मी अडलो, हे मान्य करतो. तरी अलंकार आणि पूजेचा देखावा यांत थोडे अंतर आहे असे मला अजून वाटते, आणि त्या घराबाबत मी निर्णय राखून ठेवतो.

दुसरा प्रश्न विचारतो. नासरेथ इतक्या जवळ असताना येशूने लहानपणी या शहरात सुतारकाम केले असेल, येथील नाट्यगृहात नाटके पाहिली असतील, असे लिहिलेले मी वाचले आहे. त्यात किती तथ्य आहे?

खापरखुणा

हे सारे नाट्यगृहाच्या काळावर अवलंबून आहे. सुमारे 4500 प्रेक्षक बसू शकतील असे ते उतारावर कोरून बांधलेले आहे. वॉटरमन आणि पुढे स्ट्रेंज यांनी ते हेरोद अंतिपाच्या काळातले मानले, म्हणजे येशूच्या हयातीतले. मायर्स आणि वाइस मात्र पायाखालच्या भरावातील खापरांच्या आधारे ते पहिल्या शतकाच्या अखेरीस किंवा दुसऱ्याच्या आरंभी बांधले गेले असे मानतात, आणि मला हेच बरोबर वाटते. भिंत केव्हाची हे तिच्या खाली गाडलेल्या सर्वांत नव्या खापरावरून ठरते, तिच्या घडणीवरून नव्हे. अंतिपाच्या काळात शहर मोठ्या प्रमाणावर बांधले जात होते आणि आसपासच्या गावांतील कारागिरांना तेथे काम मिळाले असणे अगदी स्वाभाविक आहे, पण नव्या करारात सेफोरिसचा एकदाही उल्लेख नाही. त्यापुढे मी जाणार नाही.

घाईने नाव देण्याचा धोका येथे आधीच एकदा दिसला आहे. वॉटरमन यांना 1931 मध्ये खांब आणि मोझेक असलेली जी इमारत मिळाली तिला त्यांनी आरंभीच्या काळातील ख्रिस्ती प्रार्थनागृह मानले. पुढील उत्खननात ते चौकाभोवती खांब असलेले रोमन पद्धतीचे राहते घर असल्याचे स्पष्ट झाले. उलट, वाइस यांच्या पथकाला खालच्या शहरात एका ख्रिस्ती चर्चखाली खरोखरच एक रोमन मंदिर सापडले, सुमारे 24 मीटर लांब आणि 12 मीटर रुंद, ज्याचे दगड वरच्या बांधकामात वापरले गेले होते. टंकसाळ यांनी सांगितलेल्या नाण्यांवरील मंदिरांना जमिनीवर आधार मिळाला तो असा. म्हणजे मूर्तिपूजक येथे होते, त्यांचे मंदिर भर रस्त्यालगत होते, आणि तरीही शहर ज्यूंचे होते.

सांदीकोपरा

चर्चेत एक थर राहून गेला आहे, तो जोडतो. या टेकडीवर 1948 पर्यंत सफ्फूरिया नावाचे अरब गाव होते, चार हजारांहून अधिक वस्तीचे. त्या वर्षीच्या जुलैमध्ये युद्धात ते रिकामे झाले, घरे पुढे पाडली गेली आणि बरेच रहिवासी नासरेथला जाऊन राहिले, जेथे त्यांची वस्ती अजून गावाच्या नावाने ओळखली जाते. ‘सफ्फूरिया’ हे नाव म्हणजे सेफोरिसच आहे, त्यांनी ते जपले. बहुसांस्कृतिक शहराची चर्चा बायझंटाइन काळापाशी संपवणे मला योग्य वाटत नाही.

आडवाटेचा पांथस्थ

सांदीकोपरा यांचे आभार. हे मूळ लेखातच यायला हवे होते.

तेथे जाणार असाल तर टेकडीच्या माथ्यावरील चौकोनी बुरूज शेवटी पाहावा. 1187 मध्ये हत्तीनच्या लढाईआधी क्रूसेडरांचे, म्हणजे युरोपातून आलेल्या ख्रिस्ती धर्मयोद्ध्यांचे, सैन्य याच गावच्या झऱ्यांपाशी जमले होते. बुरूजही क्रूसेडरांनीच बांधला, आणि कोपऱ्यांना बळकटी यावी म्हणून त्यांनी रोमन काळातील दगडी शवपेट्या आडव्या घालून चिऱ्यांसारख्या वापरल्या. पेट्यांवरचे कोरीव काम बाहेरच्या बाजूने अजून दिसते. अठराव्या शतकात गालीलचा अरब सत्ताधारी झाहिर अल-उमर याच्या काळात बुरुजाची दुरुस्ती झाली, आणि पुढे सफ्फूरियाच्या मुलांची शाळा 1948 पर्यंत याच इमारतीत भरत होती. गच्चीवरून एका बाजूला नाट्यगृहाचा अर्धगोल, दुसऱ्या बाजूला डायोनायससच्या घरावर उभारलेले छप्पर आणि दूर नासरेथची घरे एकाच वेळी दिसतात. सकाळी लवकर जावे, कारण नंतर ऊन वर आले की लाद्या इतक्या चमकतात की रस्त्यावरच्या चाकोऱ्या दिसेनाशा होतात.